गोविंदाचं रीळ

मु. वाघटोला, ता. कुरखेडा
१२ जून २०२४

बाई नंदिनी,

जयभीम. फोनवर मी तुह्यासंग दोनदा बोललो. म्हणजे मी बोललो, तू काय म्हटलं ते काई समजलं नाई. अठ्ठावीस वर्षं सिनेमाच्या गाडीवर जनरेटरच्या बाजूले बसलो, आता कान गेले. डावा पूरा गेला, उजव्यात शिट्टी वाजत राह्यते. तुह्यी मोठीआई होती तव्हा ती मधात बसून ओरडून सांगे. आता ते पण नाई. म्हून लिहून राह्यलो. कुरखेड्याच्या पोस्टातली पोरगी म्हणे, आजोबा अजून चिठ्ठ्या लिहिता का? म्हटलं लिहितो, तुले काय तरास?

कामाचं सांगतो. आमच्या सरकारी प्रसिद्धीच्या गाडीचे पिक्चरचे डब्बे फिरत फिरत तुह्या पुण्याच्या, जुने पिक्चर जपाच्या ऑफिसात आले, असं तूच मागच्या दिवाळीत सांगतलं होतं. त्याच्यात एक डब्बा आपल्या गावाचा असन. तो पाह्य.

१९७४ च्या उन्हाळ्यात मुंबईहून एक सायेब आला होता, मासोळीच्या बीजावर सरकारी पिक्चर काढाले. आपल्या तलावावर दोन दिवस राह्यला. मी तव्हा गाडीवर नवाच लागलो होतो; त्याच्या पेट्या उचलाले मी अन् गोविंदा. गोविंदा ढिवराचा, माह्याच वर्गातला, चवथीपर्यंत संगच बसलो. जाळं टाकावं त त्यानंच. सायेब पागल झाला पाहून. दोन दिवस त्याच्याच मागं कॅमेरा घेऊन फिरला. पुढं त्यानं पिक्चरमधी मासोळ्या ठेवल्या अन् माणसं काढून टाकली. उरलं त्याची एक कॉपी मले पाठवली, अकरा मिनिटाचं रीळ, काळं-पांढरं, आवाज नाई. संग चिठ्ठी, गावाले दाखवा म्हून.

रीळ आलं दिवाळीनंतर. गोविंदा भादव्यातच गेला होता. शिंगाडे काढाले उतरला, बांधावर साप चावला, कुरखेड्यापर्यंत पण नाई पोचला. चोवीस वर्षाचा होता. त्याच्या बायकोच्या, कुंताबाईच्या पोटात धनराज. मी गावाले पिक्चर दाखवला तव्हा ती आली नाई. मले म्हणे, "देवाजीभाऊ, आता माह्याच्यानं पाहवणार नाई. मी सांगीन तव्हा दाखवजा." मी जबान देली.

आता ती सांगून राह्यली, दाखवा. तिले काचबिंदू झाला. नागपूरचा डॉक्टर म्हणते, गेली ती नजर वापस येत नाई, उरली ती पण दिवाळीपर्यंत राह्यली त राह्यली. गोविंदाचा एक फोटो नाई घरात, आधार कार्डाचा जमाना थोडीच होता. ती म्हणते, डोळे मिटले का आता गोविंदाच्या जागी धनराजच दिसते. बापाचा चेहरा पोरानं खाऊन टाकला.

तेवढं रीळ पाह्य, बाई.

तुह्ये मोठेबाबा
देवाजी

—

पुणे
२४ जून २०२४

आदरणीय मोठेबाबा,

जयभीम. तुमचं पत्र टेबलावर तीन दिवस तसंच पडलं होतं, कारण टेबलावर दुसरंही बरंच पडलं होतं. राग मानू नका. आमचे बाबा, तुमचे धाकटे भाऊ, गेल्यापासून मला कुणी हाताने पत्र लिहिलेलं नाही. पाकीट उघडलं तर तुमच्या घराचा धुराचा वास आला आणि दोन मिनिटं काम सुचेना.

कुंताबाई मला चांगल्या आठवतात. दिवाळीच्या सुट्टीत चंद्रपूरच्या औष्णिक वीज केंद्राच्या वसाहतीतून, ऊर्जानगरहून आम्ही यायचो, तर माझ्या फ्रॉकवर बोट फिरवून म्हणायच्या, "बाप्पा! तुह्या गावात पाऊसबी राखेचाच पडते का?" आणि मग मूठभर उकडलेले शिंगाडे द्यायच्या. हनुवटीवर तीन ठिपक्यांचं गोंदण होतं ना? त्यांच्या डोळ्यांचं वाचून वाईट वाटलं.

तुमच्या गाडीचे एकशे शह्याऐंशी डबे आमच्याकडे आहेत. एकशे वीस मी तपासून, दुरुस्त करून थंड खोलीत ठेवले. सहासष्ट राहिलेत. भातावरचे आहेत, देवीच्या लशीवरचे आहेत, गोबर गॅसचे आहेत, लहान कुटुंबाचे तर विचारू नका. आपल्या गावाचा म्हणून एकही डबा यादीत नाही. पण यादी ज्याने केली त्याला यादी करायची नसावी असं तिच्याकडे पाहून वाटतं, म्हणून मी पुन्हा बघते.

वेळ लागेल, मोठेबाबा. इथे आम्ही सात जण होतो, आता तीन उरलोय. ही जुनी फिल्म आंबते. खरंच आंबते, उघडल्या डब्यातून सिरक्याचा वास येतो, आणि एका डब्याची आंबण शेजारच्या डब्याला लागते. संध्याकाळी घरी गेले की दह्याची वाटी समोर आली तरी डोकं चढतं. एक डबा वाचवते तोवर तिकडे तीन आंबून जातात. हे सांगून तुम्हाला काय उपयोग, पण इथे कुणाला सांगणार?

डब्यावर काय लिहिलं होतं ते आठवतं का? चिठ्ठी कोणत्या रंगाची, शाईने की खडूने? आणि एक विचारू? कुंताबाईंनी पन्नास वर्षांत एकदाही दाखवा म्हटलं नाही?

तुमची
नंदिनी

—

वाघटोला
६ जुलै २०२४

बाई नंदिनी,

तुह्यं पत्र भेटलं. पावसानं पुलावरचं पाणी उतरलं नव्हतं, म्हून चार दिवस उशिरा.

डब्ब्यावर काय लिहिलं होतं ते आठवत नाई. पन्नास वर्षाची गोष्ट. लिहिलं असन काईतरी. नसन पण. तू सगळे डब्बे उघडून पाह्य. सुरुवातीपासून पाह्यजो, अगदी पहिल्या हातापासून. मधातूनच पाहू नको.

कुंताबाईचा डावा डोळा आता काईच कामाचा नाई. उजव्यानं समोरचं दिसते, बाजूचं दिसत नाई. परवा गोठ्याच्या खांबाले धडकली. मी रोज जातो तिच्याकडं, पाच घरं सोडून तर आहे. तिची सून पुनम अंगणवाडीत आहे, मोठी गुणाची. मी गेलो का कुंताबाई पायाच्या आवाजानं वळखते अन् पह्यलं तेच विचारते, "पुण्याची चिठ्ठी आली का?" मी म्हणतो, येऊन राह्यली. ती म्हणते, "नंदिनी आहे म्हणजे काम होईन, आपलीच पोरगी आहे." मंग मी चहा तसाच ठेवून घरी येतो.

पेन्शनवाल्यानं मले जिवंत असल्याचा दाखला मागतला. गेलो, दाखवला, जिवंत आहो म्हून. साहेबाले दिसलं असन.

तुह्या तब्येतीले जप. दही खाणं सोडू नको, आपल्याकडं दही सोडत नाईत.

मोठेबाबा

—

पुणे
२ ऑगस्ट २०२४

आदरणीय मोठेबाबा,

महिनाभर रोज संध्याकाळी एक तास जास्त बसले. उरलेल्या सहासष्ट डब्यांवरच्या चिठ्ठ्या वाचल्या, आधीच्या एकशे वीसची नोंद पुन्हा चाळली. तुमचं रीळ नाही. स्पष्टच लिहिते, कारण आशा लावून ठेवणं मला जमत नाही आणि आता अंगात त्राणही नाही.

माझा अंदाज सांगू? चंद्रपूरच्या गोदामात डबे वीस वर्षं पडून होते. छत गळत होतं. काही डबे तिथेच गेले असणार. अकरा मिनिटांचं छोटं रीळ, कोण लक्ष देणार? तुमची काही चूक नाही. कुंताबाईंना तसं सांगा. मी सांगू का? पुनमच्या फोनवर बोलते पाहिजे तर. मला असं सांगायची सवय आहे. कुणी आईच्या लग्नाची फिल्म घेऊन येतं, कुणी आजोबांच्या शेवटच्या भाषणाची. डबा उघडला की आत नुसती तपकिरी पूड असते. मी आधी खुर्ची देते, मग पाणी, मग सांगते. इतक्या वेळा सांगितलंय की आता माझ्या आवाजात काही हलत नाही. घरी येऊन मात्र मी तासभर दिवा न लावता बसते.

तुमच्या डब्यांची दुरुस्ती चालूच आहे. तुम्ही ऑपरेटर लोकांनी काय काय जोडून ठेवलंय, मोठेबाबा! कालच भाताच्या लावणीचा डबा उघडला तर तोंडाशी भलत्याच फिल्मचा तुकडा. कुठल्याशा तळ्याकाठी बायका उभ्या आहेत, एक हसतेय. असे तुकडे बऱ्याच डब्यांना आहेत. आंबण नेहमी बाहेरच्या टोकापासून सुरू होते, म्हणून आमच्याकडे तोंडाचा तेवढा भाग कापून टाकायची पद्धत आहे. कापला आणि पोत्यात टाकला. आतलं भाताचं रीळ छान निघालं, हे त्यातल्या त्यात.

तब्येतीची काळजी घ्या. कुंताबाईंना माझा नमस्कार सांगा. आणि माफी.

नंदिनी

—

वाघटोला
९ ऑगस्ट २०२४

नंदिनी,

तो तुकडा फेकू नको. पोत्यात टाकला असन त काढ. हे पत्र स्पीड पोस्टानं टाकून राह्यलो, पुनमले पण सांगतलं तुले फोनवर मेसेज कर म्हून. पण सगळं मेसेजमधी सांगता येत नाई, म्हून लिहितो. मनात होतं ते पह्यल्या पत्रातच लिहाले पायजे होतं. झाकून झाकून किती झाकू?

ते रीळ हरपलं नाई. मी कापलं.

तुले तुह्या मशिनी माहीत आहेत, आमची माहीत नसन. पिक्चर मशीनमधी अडकवताना पह्यला सात-आठ फुटाचा तुकडा हातानं दात्यांमधून ओढा लागे. तो कोराच राह्ये. तो गेल्यावर मंग दिवा लावा. रोज एका गावाले अडकवून अडकवून तोच पह्यले फाटे. तो फाटला का खरा पिक्चर दात्यात जाये अन् तो पण फाटे. मंग वरून कागद, ऑपरेटरनं सरकारी मालाचं नुकसान केलं. कोरा तुकडा मागा, त सहा महिने येत नसे. सगळेच ऑपरेटर मंग जुनं बेकामाचं रीळ कापून तोंडाले जोडत. कोनी पाहत नसे. त्याच्यावर दिवाच पडत नसे.

१९८० च्या हिवाळ्यात माह्या गाडीतले सगळेच तुकडे संपले. सिरोंच्याकडं दीड महिन्याचा दौरा, सायेबाचा हुकूम, एक बी खेळ बंद नाई पडला पायजे. माह्याजवळ बेकामाचं एकच रीळ होतं. मी स्वतःले म्हटलं, पाच-सहाच तुकडे काढतो. मागून मागून काढतो, जिथी नुसता तलाव आहे. मंग अजून पाच. मंग माणसं आली. दौऱ्यावर कंदिलात बसून कापत गेलो. पन्नासाच्या वर तुकडे झाले. शेवटी डब्बा खाली. त्याच्यात पुनवेच्या बाजारातून आणलेले खिळे ठेवले मी.

अन् ८१ च्या उन्हाळ्यात कुंताबाई माह्या दारात आली. धनराजचं बोट धरून. म्हणे, "देवाजीभाऊ, पोरगं आता सहा वर्षाचं झालं, बाप कसा होता विचारते. दाखवा." तू इचारलं होतं ना, पन्नास वर्षात एकदाबी म्हटलं नाई का म्हून? म्हटलं होतं. मी तिले सांगतलं, रीळ सरकारनं पुण्याले नेलं, तिथी जपून ठेवलं आहे, थंड खोलीत. तव्हा पुण्यात असं काई आहे का नाई हे बी मले माहीत नव्हतं. तोंडाले आलं ते बोललो. मंग तूच तिथी नोकरीले लागली! कुंताबाईनं पेढे वाटले होते, माहीत आहे? म्हणे, आता आपलं रीळ आपल्याच पोरीच्या हातात.

तू मले सांगतलं, तुमची चूक नाई. ते वाक्य वाचून मले रडू आलं, बाई.

सगळ्या डब्ब्यांच्या तोंडाले पाह्य. गोविंदा कुठीतरी असनच.

देवाजी

—

वाघटोला
५ सप्टेंबर २०२४

बाई,

महिना होत आला, तुह्यं उत्तर नाई. पुनमले तू फक्त "मेसेज मिळाला" लिहिलं. रागावली असशीन त रागाव, पण दोन ओळी लिही. कुंताबाई रोज विचारते अन् मी रोज येऊन राह्यली म्हणतो. हे खोटं आता माह्याच्यानं ओढवत नाई.

मोठेबाबा

—

पुणे
२२ सप्टेंबर २०२४

मोठेबाबा,

रागावले होते. आठ दिवस तुमच्यावर. उरलेले दिवस स्वतःवर, आणि ते लिहायला हात होत नव्हता.

तुम्ही रीळ पन्नास डब्यांच्या तोंडी जोडलंत म्हणजे एक प्रकारे ते जपलंत. भातानं आणि गोबर गॅसनं ते चव्वेचाळीस वर्षं सांभाळलं. मग ते माझ्याकडे आलं आणि मी कापून फेकलं. एकशे वीस डब्यांची तोंडं मी माझ्या हाताने कापली. दोन वर्षं. तीस-पस्तीस तरी तुमचे तुकडे त्यात असणार. पोतं दर महिन्याला भट्टीत जातं. मी कधी उजेडासमोर धरून पाहिलंही नाही, कारण एका डब्याला चाळीस मिनिटांच्या वर द्यायची नाहीत, असा नियम मीच केला होता. काम उरकावं म्हणून. माझ्याच खोलीत गोविंदाकाका येऊन गेले असतील आणि मी कात्री चालवून पुढचा डबा ओढला असेल. मला अलीकडे रोज तेच दिसतं.

तुमचा मेसेज आला तेव्हा ऑगस्टचं पोतं अजून दाराशीच होतं. ते जमिनीवर ओतलं. चिकटलेले, मुडपलेले, वासाने डोळे चुरचुरतात असे तुकडे. ते सोडवायला तीन आठवडे गेले. उरलेले सगळे डबे त्याच दिवसांत उघडले, एका रविवारी बहीण जेवायला बोलावत होती तरी गेले नाही. साहेबांनी विचारलं, हे कोणत्या कामाखाली दाखवायचं? म्हटलं, माझ्या चुकीखाली दाखवा.

एकूण नऊ तुकडे मिळाले. तीन इतके गेलेत की त्यावर आता काहीच नाही. एकात बांधावरून बैल जातायत. दोन तुकड्यांत नुसतं पाणी. एकात वाळत घातलेली जाळी आणि एक कुत्रं. एकात पाण्यात उभे असलेले कुणाचे तरी पाय, गुडघ्यापर्यंतच, ते त्यांचे असतील किंवा नसतील. चेहरा कशातच नाही, मोठेबाबा. मी प्रत्येक चौकट भिंगाखाली पाहिली. गोविंदाकाका नाहीत.

नववा तुकडा मी तुम्हाला लिहिला होता तोच. तेरा सेकंदांचा. तळ्याकाठी तीन बायका, मधली अगदी तरुण, हनुवटीवर तीन ठिपके. त्या कुंताबाई आहेत. कॅमेरा त्यांच्यावर आहे, पण त्या कॅमेऱ्याकडे बघत नाहीत, डावीकडे बघून हसतायत. पदर तोंडावर नेतात, मान वळवतात, आणि पुन्हा तिकडेच बघतात. तिथे तुकडा संपतो.

हा मी नीट धुऊन, एकेक चौकट टिपून घेतलाय. पुनमच्या फोनवर पाठवू शकते, अंगणवाडीत टीव्ही आहे म्हणाली, त्यावर मोठा दिसेल. पण पाठवत नाही. आधी तुम्ही जाऊन त्यांना खरं सांगा. नवऱ्याला बघायला बसलेल्या बाईला तिचाच चेहरा दाखवायचा आणि वर का ते सांगायचं नाही, हे मी करणार नाही. माझंही सांगा. कापणारी मी होते, हेही.

नंदिनी

—

वाघटोला
१० ऑक्टोबर २०२४

बाई नंदिनी,

सांगतलं.

तुह्यं पत्र आल्यावर पाच दिवस हिंमत नाई झाली. काल सकाळी गेलो. कुंताबाई ओट्यावर बसून सुकट निवडत होती, बोटानं चाचपून. तिनं विचारलं, "चिठ्ठी आली का?" मी म्हटलं, आली. अन् खाली बसून सगळं सांगतलं, ८० चा दौरा, कंदील, कात्री, खिळ्याचा डब्बा, सगळं. तुह्यं पण सांगतलं, पण तुह्यं सांगताना मी म्हटलं, पोरीले माहीत नव्हतं, मले माहीत होतं.

ती सुकट निवडत राह्यली. मले वाटलं तिले ऐकू नाई आलं, म्हून मी अजून मोठ्यानं बोललो, माह्यी ती सवयच झाली. तव्हा ती म्हणे, "बहिरे तुमी आहा, मी नाई." मंग म्हणे, "मी ८१ त तुमच्या दारात आली, तुमी मले बसाले पाट देला, चहा देला, पोराच्या हातात गूळ देला. अन् खोटं देलं. त्यापेक्षा म्हणाचं होतं ना, कापलं म्हून. मी तुमाले दोन शिव्या देल्या असत्या, रडली असती, अन् मोकळी झाली असती. तुमी मले त्रेचाळीस वर्षं वाट पाहाले लावली, भाऊ."

अन् उठून घरात गेली. चौकट चाचपत.

 आज गेलो नाई. उद्या जाईन का नाई ते पण माहीत नाई. पाच घरं सोडून आहे, पण आता ते अंतर लय झालं.

पुनम आली होती संध्याकाळी. म्हणे, आत्याबाई म्हणतात पाठव म्हणा. तू पाठवून दे.

देवाजी

—

वाघटोला
२६ ऑक्टोबर २०२४

नंदिनीताई,

नमस्कार. मी पुनम, कुंताबाईंची सून. तुम्ही पाठवलेलं फोनवर पोचलं होतं, पण आत्याबाई म्हणाल्या, तिनं कागदावर लिहिलं तर आपणही कागदावरच लिहू. त्या सांगतात तसं लिहिते. पुढचं सगळं त्यांचं आहे.

नंदिनी पोरी, तुह्यी चूक मी धरली नाई. जे माहीतच नाई त्याची चूक कोन धरते? देवाजीभाऊची धरली. पंधरा दिवस बोलली नाई. मंग काल त्यांच्या खोकल्याचा आवाज आला पाच घरावरून, तव्हा पुनमले म्हटलं, जा, बोलावून आन त्याले, पिक्चर दाखवणारा तो, त्याच्याबिगर कसा लावाचा? आले. खाली मान घालून आले, असं पुनम म्हणते. मले त दिसलं नाई.

अंगणवाडीच्या टीव्हीवर लावलं. मी अगदी जवळ, हातभरावर बसली. उजव्या डोळ्याले आता सुईच्या भोकातून पाह्यल्यासारखं दिसते. पह्यल्या टायमाले नुसतं पांढरं हालताना दिसलं. मंग टीव्ही माह्या नजरेपुढं इकडून तिकडं सरकवत पाह्यलं. धनराज टीव्हीचे पाय धरून तो हालवे, अन् पुनम परत परत लावे. वीसदा लावलं असन. देवाजीभाऊ दर वेळी म्हणत, "आता सुरू झालं, आता पदर वर नेला." जसं काई मले माहीत नाई मी काय केलं ते.

मी म्हटलं, हे पोरगी कोन? एवढे दात दाखवून राह्यली, लाज नाई का इले? सगळे हासले. मले माह्या चेहऱ्याचं काईच नाई वाटलं. मी माह्यासाठी थोडीच बसली होती.

तू लिहिलं, तो कशातच नाई. बरोबर आहे तुह्यं, दिसत नाई तो. पण पोरी, ती पोरगी त्याच्याकडंच पाहून राह्यली. तो तिथीच उभा होता, सायेबाच्या डाव्या अंगाले, जाळं खांद्यावर. पंधराव्या का सोळाव्या टायमाले मले आठवलं त्यानं काय म्हटलं ते. पन्नास वर्षं मी त्याचा चेहरा शोधत बसली, आवाज कधी शोधलाच नाई. अन् तो आवाज आला असा, जसा आताच ओट्यावर उभा राहून बोलून राह्यला.

सायेबानं सांगतलं होतं, सगळ्याईनं कॅमेऱ्याकडं पाहा. अन् मी पाहीना. तव्हा हा चिडवाले लागला. म्हणे, "ए कुंते, मले काय पाहून राह्यली? तिकडं पाह्य, सायेब थांबला. मले त तू जलमभर पाह्यशीनच."

त्याच्यावर मी हासली. दुसऱ्यांदा मान वळवून पण मी त्याच्याकडंच पाह्यलं, कॅमेऱ्याकडं नाई. त्याचं नाई ऐकलं मी. बरं झालं नाई ऐकलं.

कुंता
(लिहिणार पुनम)